कोळंबीची आळणी

स्नेहल : मामा, तीन किलो?

पिराजी : मग किती आणायची?

स्नेहल : अर्धा किलो सांगितली होती मी. घरात माणसं चार, त्यातलं एक माहेरी जाऊन बसलंय.

पिराजी : अर्धा किलो ह्यो काय आकडा हाय व्हय? मासळीवाल्याम्होरं हुबा ऱ्हाऊन 'अर्धा किलो द्या' म्हणायला जीभच रेटना. त्यो वळकतोय मला. तालमीच्या जेवणाचा आचारी मी, चाळीस किलो मटणाच्या खाली आपण पातेल्याला हात लावत न्हाय.

स्नेहल : म्हणून तीन किलो.

पिराजी : म्हणून तीन किलो. कमी पडण्यापरास उरल्यालं बरं.

स्नेहल : बरं. आता नीट ऐका. आत्तींची बिद्रीची गाडी साडेबाराला स्टँडवर येते. इथे शिवाजी पेठेत पोचायला एक वाजेल. आत्ता वाजलेत दहा.

पिराजी : ऱ्हायला येतीया का आमची ही?

स्नेहल : चार साड्या, शाल आणि आधार कार्ड न्यायला येतायत. जेवायला थांबणार नाही, हेही फोनवर सांगून झालंय. आज बारावा दिवस, मामा. चार दिवसांसाठी माहेरी गेलेली बाई आधार कार्ड मागत नाही.

पिराजी : कळतंय मला. म्हणून तर हितं हुबा हाय. न्हायतर ह्या खोलीत आपण कशाला येतोय?

स्नेहल : ह्या खोलीला स्वयंपाकघर म्हणतात.

पिराजी : व्हय व्हय. मीठ कुटं असतंय?

स्नेहल : बेचाळीस वर्षं झाली तुमच्या लग्नाला!

पिराजी : लग्नाला झाली. मी मिठाचं इचारतोय.

स्नेहल : समोर, पांढऱ्या बरणीत. आता एक कबूल करा. दुपारपर्यंत तुम्ही सासरे नाही, मी सून नाही. मी सांगेन तसं करायचं.

पिराजी : आगं, मग तूच कर की. तूच तर ती चायना कोळंबी शिकवलीस तिला. मी पाट मांडतो, पाणी ठेवतो, म्होरं हसून बोलतो.

स्नेहल : मी केलं तर आत्ती म्हणतील, आता सुनेला राबवलं. माझ्या हातचं खाऊन त्यांना काय कळायचंय? तुम्ही करा.

पिराजी : लई कडक हाईस. पुण्याच्या पोरी अशाच असत्यात काय?

स्नेहल : सोला कोळंबी. डोकं काढायचं, साल काढायचं, पाठीला चीर देऊन आतला काळा दोरा ओढायचा.

पिराजी : एकेकीचा?

स्नेहल : एकेकीचा.

पिराजी : आयला! तालमीत मी नुसता सांगतोय, सोलायला धा माणसं बसत्यात. मी कधी लसणाची पाकळी सोलली न्हाय.

स्नेहल : मग तुम्ही करता काय?

पिराजी : आचारी असतोय मी! मीठ टाकतो, तर्री बघतो, आन् बोंबलतो. न बोंबलता पाचशे पानं उठत न्हाईत.

स्नेहल : इथे एक पान उठायचंय. मी वर कपडे वाळत घालून येते. सोलून ठेवा, गॅस मात्र लावू नका.

पिराजी : जा तू. निवांत जा. जेवणातलं मला कोण शिकवणार?

स्नेहल : (खाली येऊन) मामा! हे काय उकळतंय?

पिराजी : आलीस? आळणी हाय.

स्नेहल : कसली आळणी?

पिराजी : कसली म्हंजे? कोळंबीची. हळद-मीठ चोळलं, पाणी घातलं, वर झाकण. आदी आळणी काढायची, म्हंजे उकडल्यालं पाणी, मग म्होरलं सगळं. मटणाचा कायदाच हाय त्यो. वाटीत काढून दिऊ? पितीस? आळणी पिऊन बाळंतिणी उठून बसत्यात.

स्नेहल : किती वेळ झाला ठेवून?

पिराजी : पंचवीस मिंटं. पर मऊच हुईना बग. उलट घट्ट व्हायलीया. जून माल दिसतोय, फशिवलं त्यानं मला.

स्नेहल : जून नाही हो! कोळंबी दोन मिनिटांत शिजते. त्याच्यापुढे गेली की रबर. बघा, चावून बघा.

पिराजी : चपलीच्या अंगठ्यागत लागतंय गं.

स्नेहल : एक किलो गेली.

पिराजी : म्हणून तीन आणली. आता बोल!

स्नेहल : बोलते. ह्याच्यात शिजवायचं कमी आणि थांबायचं जास्त असतं. आधी सगळं चिरून तयार ठेवायचं, मग जाळ मोठा करायचा. कोबी उभा, बारीक. ढबू मिरचीच्या लांब पट्ट्या. गाजर तिरकं. कांद्याची पात वेगळी, ती सगळ्यात शेवटी.

पिराजी : आन् पाणी?

स्नेहल : पाणी नाही.

पिराजी : रस्सा?

स्नेहल : नाही.

पिराजी : मग भातावर घ्यायचं काय? भात काय कोरडाच गिळायचा?

स्नेहल : सोया सॉस, जरासं व्हिनेगर, मिरपूड, आणि चमचाभर मक्याचं पीठ थेंबभर पाण्यात कालवून. तेवढं अंगाला लागतं, बास.

पिराजी : अंगाला लागायला ते काय उटणं हाय? बरं, बरं, डोळं वटारू नगंस. कांदा-लसूण चटणीची बरणी कुटं दिसना ती?

स्नेहल : शेजारी शांभवीकडे ठेवून आलेय.

पिराजी : माझ्या घरातली चटणी शांभवीकडं? आगं, त्यांच्यात अंडं बी खाईत न्हाईत!

स्नेहल : म्हणूनच तिथे सुरक्षित आहे. लावा आता गॅस. मोठा, अजून मोठा. तेल तापलं? आलं-लसूण टाका. हलवा. कोळंबी टाका. हलवत राहा, हात थांबवू नका.

पिराजी : जाळाचं काम म्हंजे आपलं काम. बग कसा धडाडलाय! नाद न्हाय करायचा!

स्नेहल : छान. भाज्या टाका. मी फ्रिजमधून सॉस काढते... मामा, हे तांबडं कशानं झालं?

पिराजी : जाळ मोठा हाय न्हवं.

स्नेहल : मामा.

पिराजी : गाजराचा रंग सुटला आसंल.

स्नेहल : शर्टाचा खिसा दाखवा.

पिराजी : आता सुनेनं सासऱ्याचा खिसा तपासायचा?

स्नेहल : दाखवा.

पिराजी : इवलीशी पुडी हाय गं. दुकानातनं येताना घेतलती, असावी म्हणून. चिमूटच टाकली. हात गेला. चाळीस वर्साचा हात हाय ह्यो, माझं सुद्धा ऐकत न्हाय.

स्नेहल : त्या दिवशीही हातच गेला होता ना?

पिराजी : ते येगळं. ती गंमत हुती.

स्नेहल : सांगा मग ती गंमत. मी त्या दिवशी इथेच भात उपसत होते, पण तुमच्या तोंडून ऐकू दे.

पिराजी : त्यात काय सांगायचं? तालमीतले आण्णा आन् जोतीराम जेवायला आलते. हिनं हेच केलतं. मी जरा चेष्टा केली.

स्नेहल : काय बोललात?

पिराजी : आता शब्दन् शब्द कुणाला याद असतोय?

स्नेहल : मला आहे. 'आमच्या हिला बेचाळीस वर्सांत एक रस्सा धड जमला न्हाय, आन् आता चायना करायला निघालीया. उद्या काड्या हातात दिऊन जेवायला बसवंल.' असं म्हणालात, आणि वाटीभर तांबडा रस्सा त्याच्यावर ओतलात. आण्णांनी ओतला, जोतीरामभाऊजींनीही ओतला. तिघं पोट धरून हसलात.

पिराजी : ती बी हसली की!

स्नेहल : हसल्या. मग तिघांची खरकटी काढली, भांडी घासली, आणि सकाळी सातच्या गाडीनं गेल्या. तुम्हाला कधी कळलं?

पिराजी : तवाच.

स्नेहल : कधी?

पिराजी : चार वाजता.

स्नेहल : कशावरून?

पिराजी : चा आला न्हाय म्हणून.

स्नेहल : गेल्या दिवाळीत तुमच्या लेकानं, विश्वजितनं, आम्हाला हॉटेलात नेलं होतं. तुम्ही आला नाहीत, बाहेरचं खात नाही म्हणून. तिथे आत्तींनी हे पहिल्यांदा खाल्लं. घरी आल्यावर मला कानात म्हणाल्या, 'स्नेहल, मला ते आवडलं गं. घरात करता यील?' मामा, तुम्हाला काय आवडतं ते सगळ्या पेठेला ठाऊक आहे. विश्वजितला पांढरा रस्सा, मला खरवस. आत्तींना काय आवडतं?

पिराजी : तिला... तिचं काय न्हाय गं. ती काय बी खाती.

स्नेहल : काय बी नाही, उरलेलं. महिनाभर शिकत होत्या. कोळंबी वाया जायला नको म्हणून चार वेळा नुसता कोबी परतून बघितला. तुम्ही सकाळपासून दोन किलो घालवलीत. जन्मात एकदा त्या बाईनं आपल्याला आवडतं म्हणून काहीतरी केलं, आणि तुम्ही ते चार माणसांत नासवलंत. मला राग येतो, मामा. बोलत नाही, पण येतो.

पिराजी : आता बोललीस की.

स्नेहल : बोलले. बारा वाजत आलेत. एक किलो उरलीय.

पिराजी : आण हिकडं. ती पुडी घे, टाक कचऱ्यात. कढई धू. न्हाय, थांब, मीच धुतो. घासणी कुटं असती?

स्नेहल : नळाच्या मागे.

पिराजी : कोबी ह्येवडा बारीक चालंल?

स्नेहल : चालेल.

पिराजी : तेल धुरावलं. आलं-लसूण. कोळंबी. आता?

स्नेहल : हलवा. रंग पालटला की भाज्या.

पिराजी : पालटला. गुलाबी व्हायली बग. भाजी घातली. आता सॉस? बाजूनं घालू का मधी?

स्नेहल : कडेनं सोडा. आता पीठ. हलवा. पात टाका. बंद!

पिराजी : आत्ताच? आगं, आत्ता कुटं रंगात आलंय.

स्नेहल : बंद करा म्हटलं ना!

पिराजी : केलं, केलं बंद. दोन मिंटात उरकलं. ह्याला काय सैपाक म्हणायचं? भाकरी थापायला बी येवडा येळ लागतोय.

स्नेहल : चाखा.

पिराजी : (एक घास घेतो, मग दुसरा.)

स्नेहल : काय झालं? मीठ?

पिराजी : न्हाय. मीठ बरं हाय.

स्नेहल : मग?

पिराजी : हे असं लागतंय व्हय?

स्नेहल : म्हणजे? तुम्ही त्या दिवशी खाल्लं होतंत ना?

पिराजी : कुटं खाल्लं? आदी रस्सा वतला, मग खाल्लं. ह्यातलं शितभर बी चाखलं न्हवतं मी. आन् वर बोललो.

स्नेहल : घ्या, अजून एक घास घ्या.

पिराजी : गोड लागतंय गं. कोळंबीच गोड हाय मुळात. चटणीनं हे कवा कळलंच नसतं.

स्नेहल : मी शांभवीकडे जाऊन बसते. तुम्ही दोघं बोला.

पिराजी : ए, तू थांब की! मी काय बोलू तिच्याशी?

स्नेहल : पाचशे माणसांत बोंबलता ना? एकीशी हळू बोला. येते मी.

(सून गेली आणि पिराजीनं शर्ट बदलला. मग पुन्हा जुनाच चढवला, कारण नवा दिसला तर ती म्हणायची, मी नसताना चैन चाललीया. ताट मांडलं, पुसलं, परत मांडलं. पाचशे पानं उठेपर्यंत ह्या गड्याच्या कपाळाला कधी घाम आला नव्हता. आज एका पानापायी पंचा भिजला. एवढ्यात बायडाबाई दारातून आत आली आणि उभीच राहिली.)

पिराजी : आलीस? बस की. पाणी दिऊ?

बायडाबाई : नगं. दोनची गाडी हाय. कपाटाची किल्ली कुटं हाय?

पिराजी : मला काय ठावं? तूच ठिवतीस.

बायडाबाई : व्हय. फडताळात हाय. इसरलेच.

पिराजी : जेवून जा.

बायडाबाई : भावजयीनं भाकरी बांधून दिलीया.

पिराजी : ती रातीला खा. आत्ता हे खा.

बायडाबाई : कसला वास ह्यो?

पिराजी : तुझंच हाय. त्या दिवशीचं.

बायडाबाई : स्नेहलनं केलं आसंल.

पिराजी : मी केलं.

बायडाबाई : खोटं.

पिराजी : आंबाबाईची शपथ.

बायडाबाई : देवीला कशाला मधी घालताय? कोळंबी किती आणलीती?

पिराजी : तीन किलो.

बायडाबाई : आन् पैल्यांदा काय केलंसा?

पिराजी : आळणी काढली.

बायडाबाई : मग तुमीच केलंय.

पिराजी : हासतीस काय? बस. वाढतो.

बायडाबाई : थोडं वाढा. चाखून जाते.

पिराजी : भात बी घे. आगं, तेवड्यानं काय हुतंय? घे. ... कसं झालंय?

बायडाबाई : जेवू द्या की.

पिराजी : न्हाय, तसं न्हवं. तिखट कमी हाय का? ह्यात तिखट नसतंय म्हणं. कोबी कच्चा ऱ्हायलाय काय? कच्चाच ठिवायचा असतोय, स्नेहल म्हणली. ... आगं, काय तरी बोल! बरं का वाईट, येक काय ते सांग!

बायडाबाई : जीव टांगणीला लागलाय?

पिराजी : लागलाय की! सकाळधरनं राबतोय!

बायडाबाई : मी बी त्या दिवशी अशीच हुबी हुते. त्या दाराला टेकून. तुमी पैला घास कवा घेताय, बघत हुते.

पिराजी : मला दिसली न्हाईस.

बायडाबाई : व्हय. त्येच. रश्शाचं मला काय वाटलं न्हाय. रस्सा तुमी खिरीवर बी वताल, जित्याची खोड हाय ती. पर 'येक रस्सा धड जमला न्हाय' म्हणालासा. तुमी तालमीत वर्साला चारदा करताय. घरात बेचाळीस वर्सं कुणी केला?

पिराजी : तू.

बायडाबाई : वाईट हुता?

पिराजी : न्हाय. कवाच न्हाय.

बायडाबाई : मग येकदा तरी म्हणायचं हुतं. त्यांच्याम्होरं ऱ्हाऊ दे, भिताडाम्होरं म्हणायचं हुतं. मी भिताडाच्या पलीकडंच असते.

पिराजी : चुकलं माझं, बायडे. सरळ सांगतो. चुकलं.

बायडाबाई : आत्ता हितं कोण हाय?

पिराजी : कोण न्हाय. तू आन् मी.

बायडाबाई : आन् हासताना कोण हुतं?

पिराजी : आण्णा. जोतीराम.

बायडाबाई : मग?

पिराजी : आता त्यांच्याम्होरं...? आगं, तालमीत तोंड दाखवायचं हाय मला.

बायडाबाई : मला बी बिद्रीत दाखवायला लागलंच की. बाराव्या दिवशी भावजय इचारती, वन्सं, जावायांस्नी बरं न्हाय काय? तिला काय सांगू? कोळंबीपायी आले म्हणू? तिच्या डोक्यात ते बसत न्हाय. माझ्या बी बसत नव्हतं. पर रडू यायचं. हात धुते आता, गाडी चुकंल.

पिराजी : थांब. माझा फोन दे हिकडं, त्यो, खिडकीतला. ... हॅलो, आण्णा? पिराजी बोलतोय. रविवारी दुपारी जेवायला यायचं. जोतीरामाला बी आण. ... न्हाय, मटण न्हाय. ... रस्सा बी न्हाय. ... आरं, काय हाय ते आल्यावर बग की! ... आन् ऐक, त्या दिवशी आपुन तिघं हासलो न्हवं? त्येच्यावर बोलायचंय मला. ... फोनवर न्हाय, तिच्याम्होरं. ती बसणार हाय आपल्या संगं, पैल्या पंगतीला. वाढणार मी. ... हास. आत्ता पोटभर हासून घे. रविवारी हासलास तर ताटावरनं उठवीन.

बायडाबाई : काय म्हणलं आण्णा?

पिराजी : म्हणला, तुला ताप हाय काय.

बायडाबाई : आन् तुमी?

पिराजी : ठिवला फोन. ... दोनची गाडी गेली आसंल का गं?

बायडाबाई : आजून अर्धा तास हाय.

पिराजी : मग?

बायडाबाई : मग काय? रविवारपतोर हाय मी. म्होरलं तुमचं बोलणं ऐकून ठरवीन.

पिराजी : बरं.

बायडाबाई : बरं काय बरं? ताटातला भात सपलाय. दिसत न्हाय व्हय?

पिराजी : दिसला की. थांब, वाढतो.